मर्ल हॅस्केट आणि उलटणाऱ्या खुर्च्या

मर्ल हॅस्केट भित्रा होता असं कुणी आमच्या एल्डर्सबर्गात सांगितलं असतं, तर ऐकणाऱ्याने त्याला वेड्यातच काढलं असतं. जो माणूस पेटते टेंभे झेलतो, एका चाकाच्या सायकलवर बसून बाजा वाजवतो आणि टेलिव्हिजनवर अख्ख्या ओहायोसमोर लाकडी बाहुल्याकडून स्वतःचा अपमान करून घेतो, तो कशाला घाबरेल? पण घाबरायचा. सापाला नाही, विजेला नाही, सासऱ्याला तर मुळीच नाही. थिएटरातल्या खुर्चीला घाबरायचा. ती बूड उचललं की आपोआप मिटणारी लाकडी खुर्ची असते ना, तिच्या ‘खट्’ अशा आवाजाला. तो आवाज ऐकला की गडी आधी दाराकडे बघायचा.

आता याचं मूळ सांगायचं, तर पाळण्यापासून सुरुवात करावी लागेल. पाळणाही नव्हता म्हणा. पोशाखांच्या पेटीचं झाकण होतं.

मर्लचा बाप रुफस आणि आई डेला हे दोघं फिरत्या तमाशेवाल्यांपैकी. आज या गावात, आठवड्याने पुढच्या. एका तिकिटात आठ-नऊ खेळ: कुणी गाणारा, कुणी कुत्री नाचवणारा, कुणी बायकोला करवतीने कापणारा. हॅस्केट कुटुंब काठीवर बशा फिरवायचं, कोलांट्या मारायचं आणि त्यांची डचेस नावाची बदकीण शेवटी तोफ डागायची. बदकीण गुणी होती, पण तिचा मूड असेल तरच. मर्ल चालायला लागला तसा त्यालाही एक बशी मिळाली.

या धंद्यात कोण कधी रंगमंचावर जातो त्यावर माणसाची किंमत ठरते. बाहेरच्या माणसाला वाटेल, शेवटचा तो सगळ्यांत मोठा. छे! मोठा तो शेवटून दुसरा. त्याचं झालं की लोकांचे पैसे वसूल. मग मॅनेजरला घाई असते, हॉल रिकामा व्हावा, पुढच्या खेळाची गर्दी आत यावी. म्हणून शेवटी असा खेळ ठेवायचा, की लोकांनी आपणहून टोप्या उचलाव्यात. त्याला धंद्यात ‘हाकल्या’ म्हणत. आणि हॅस्केट कुटुंब हे, आता स्पष्टच बोलायचं तर, जन्मजात हाकले.

म्हणजे मर्लने लहानपणी प्रेक्षक पाहिले ते पाठमोरे. तो बशी फिरवतोय आणि समोर खट्, खट्, खटाखट खुर्च्या मिटताहेत. कुणी बाईचा कोट धरतंय, कुणी जांभई देतंय, एखादा तर रंगमंचाला पाठ करून शेंगदाण्याची टरफलं झटकतोय. एकदा मर्ल रडायलाच लागला, तर आईने बशी न थांबवता ओठांच्या कोपऱ्यातून त्याला सांगितलं, “डोक्यांकडे बघू नकोस रे राजा. वर दिव्यांकडे बघ. आणि हस.”

डेला अशी दिव्यांकडे बघून हसायची, की वाटावं तिथे वर माळ्यावर हजार माणसं बसलीत. मर्लला मात्र ते जमलं नाही. त्याने मनाशी ठरवलं, लोक बसून राहतील असं काहीतरी आपण करायचंच.

बस्स, तिथून त्याच्या अष्टपैलूपणाला सुरुवात झाली. लोक म्हणतात, देणगी होती. देणगी कसली डोंबलाची! भीती होती. बशांनी लोक थांबत नाहीत म्हणून तो टाचा वाजवत नाचायला शिकला. नाचाने थांबेनात म्हणून गायला शिकला. मग पक्ष्यांच्या शिट्ट्या, मग पोटातून बोलणं, मग एका चाकाची सायकल, मग सायकलवर बाजा. प्रत्येक वेळी मॅनेजर म्हणायचा, “वा, छान! शेवटी घेऊ या.” नाट्यगृहाच्या दारावर खेळांची यादी लागायची, ती मर्ल खालून वर वाचायचा. वेळ वाचायचा तेवढाच.

तो तिशीला आला तेव्हा हा धंदाच बसला. बोलणारे सिनेमे आले, फिरत्या मंडळ्या मोडल्या. आमच्या गावात त्याची शेवटची मंडळी बर्फात अडकली, आणि बर्फ वितळेपर्यंत मॅनेजर वितळून गेला होता. मर्ल खिळे-हातोड्यांच्या दुकानात शेकायला गेला आणि दुकानदाराच्या मुलीला, व्हर्नाला, तीन हातोड्या झेलून दाखवल्या.

व्हर्ना म्हणाली, “पाडशील तर भरून द्यावी लागेल हं.”

मर्लने पाडली नाही. ती बोलत बोलत खाली बसली आणि त्याचं संपेपर्यंत उठली नाही. मर्लने तिथेच तिच्याशी लग्न करायचं ठरवलं. व्हर्ना पुढे सगळ्यांना सांगायची, “अगं, माझा पाय मुरगळला होता. उठते कशी?”

मग त्याला रेडिओ मिळाला, आणि मर्लला स्वर्ग दोन बोटं उरला. रेडिओत खुर्च्या नसतात! ऐकणारा उठून गेला तरी कळतंय कुणाला? पहाटे कोंबडा आरवायचा तो मर्ल. डुकरांचे भाव सांगणारा मर्ल. स्वीडिश गडी, चिडका पाद्री, रडकं पोर, सगळा मर्ल. दुपारी पाककृती सांगणारी फीबी मावशीसुद्धा मर्लच. फीबी मावशीला तर दोन विधुर शेतकऱ्यांनी मागणी घातली होती. एकाने सोबत डुकराच्या मांडीचा अख्खा हॅम पाठवला. तो व्हर्नाने शिजवला आणि मागणीला नकार मर्लने फीबी मावशीच्या आवाजात दिला, इतक्या गोड की तो बिचारा पुढच्या नाताळलाही हॅम पाठवता झाला.

टेलिव्हिजन आला तेव्हा शेजारच्या शहरातल्या नव्या स्टेशनाला एकाच पगारात सात माणसं हवी होती. असा माणूस पंचक्रोशीत एकच. दुपारी मुलांसाठी लाकडी बाहुल्याशी भांडायचं, संध्याकाळी दोन्ही हातांनी खडू धरून पावसापाण्याचा नकाशा काढायचा, रविवारी भजनं म्हणायची. एकदा न्यूयॉर्कच्या एका बड्या माणसाने त्याला बोलावून घेतलं. मर्लने त्याच्यासमोर होतं नव्हतं ते सगळं करून दाखवलं. त्या माणसाने सिगार विझवली. मग म्हणाला, “तुम्हाला सगळं येतं हो. पण तुम्ही आहात तरी कोण?” मर्लने आपल्या बशा आवरल्या. तो रात्रीच्या गाडीने परत आला आणि दुसऱ्या दिवशी त्याने नकाशावर अख्ख्या ओहायोत गारा पाडल्या.

गावात मात्र त्याचा मान मोठा. मान म्हणजे आमच्याकडे असतो तसा. न्हावी एल्मर त्याला खुर्चीत बसवून म्हणायचा, “मर्ल्या, काल ऊन म्हणालास आणि माझ्या बायकोचे पडदे भिजले. तुझी दाढी करू की गळा कापू?” चर्चला तो एकही रविवार चुकवत नसे. पाद्रीबुवांना वाटायचं, काय श्रद्धा आहे! व्हर्नाला खरं कारण माहीत होतं. चर्चची बाकं जमिनीला ठोकलेली असतात. ती उलटत नाहीत.

तर अशी पंचवीसएक वर्षं गेली आणि गावाला शंभर वर्षं झाली. एल्डर्सबर्गची शताब्दी! सगळ्या पुरुषांनी आजोबांच्या काळासारख्या दाढ्या वाढवल्या, एल्मर उपाशी मरायला टेकला आणि मिसेस ओबरहोल्ट यांनी समिती नेमली. चर्चच्या महिला मंडळाच्या त्या अध्यक्ष. बाईंनी ‘हो का’ म्हटलं तरी समोरचा उठून उभा राहायचा. त्यांनी ठरवलं, गावचं जुनं नाट्यगृह, ऑपेरा हाऊस, झाडूनपुसून उघडायचं, तिथे दुपारी गावकऱ्यांचा कार्यक्रम करायचा आणि मग कोर्टाच्या हिरवळीवर सगळ्यांनी जेवायचं.

छापील कार्यक्रमपत्रिका घरी आली. मर्लने सवयीने ती खालून वर वाचायला घेतली, आणि पहिल्याच ओळीला त्याचं नाव लागलं.

सगळ्यांत शेवटी: मि. मर्ल हॅस्केट.

त्याचा चेहरा असा पडला, की व्हर्नाला वाटलं कुणीतरी गेलं. “कोण रे? कोण गेलं?”

“मी,” मर्ल म्हणाला. “गावाने मला हाकल्या केलं.”

तो तसाच तडक मिसेस ओबरहोल्टांकडे गेला. बाई पिठात हात घालून होत्या. “मि. हॅस्केट, तुम्ही गावाचा दागिना आहात,” त्या म्हणाल्या. “म्हणून तर शेवटी ठेवलंय. केक कधी आधी वाढतात का?”

आता हिला काय सांगणार? की बाई, आमच्या धंद्यात केकनंतर टरफलं असतात, आणि मी जन्मभर टरफलं आहे? मर्ल एवढंच म्हणाला, “मला शेवटून दुसरा नंबर द्या. कृपा करून.”

“तिथे मिस स्टॉट आहेत. त्यांनी कबूल केलं, तर माझी ना नाही. पण त्यांना शेवटी?” बाईंनी नाक मुरडलं. “अहो, त्या करवत वाजवतात.”

लव्हिना स्टॉट आमच्या गावच्या टेलिफोन एक्सचेंजवर बसायची. पन्नाशीची, अविवाहित, आवाज ओळखीचा आणि चेहरा कुणाच्या लक्षात नाही अशी. अख्ख्या गावाची भांडणं तिने कानांनी ऐकली होती आणि एकही तोंडाने बाहेर काढलं नव्हतं. करवत मात्र ती खरंच वाजवायची. सुताराची साधी करवत गुडघ्यात धरायची, वाकवायची आणि तिच्या पाठीवर व्हायोलिनचा गज ओढायचा. आईला आवाज सोसत नाही म्हणून कोळशाच्या तळघरात बसून शिकली होती. माणसांसमोर कधी वाजवली नव्हती.

मर्ल एक्सचेंजमध्ये गेला आणि आपला सगळ्यांत मऊ, फीबी मावशीचा आवाज लावून म्हणाला, “मिस स्टॉट, माझी एक विनंती होती. शेवटचा नंबर तुम्ही घ्याल का?”

लव्हिनाच्या हातातली तार तशीच राहिली. “शेवटचा? अहो, तो तुमचा मान आहे!”

“तुम्हाला द्यावा म्हणतो.”

“मला?” ती लालेलाल झाली. “मि. हॅस्केट, मला आजवर कुणी… थांबा हं, डॉक्टरांचा फोन लावते… मला कुणी पहिला मानसुद्धा दिला नाही हो. शेवटचा तर सोडाच.” आणि तिने रुमाल काढला. मर्ल टोपी घालून बाहेर पळाला.

संध्याकाळी व्हर्नाला ते कळलं. कळणारच. लव्हिना तिच्याकडेच हिरवं कापड घेऊन आली होती, नव्या फ्रॉकचं माप द्यायला. ती गेल्यावर व्हर्नाने तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्या. मर्लला कळलं, आता काही खरं नाही.

“त्या बिचारीला सांगितलंस, हाकल्या म्हणजे काय ते?”

“इथे कुणाला माहीत आहे ते? ही आमच्या धंद्यातली भानगड.”

“कुणाला माहीत नाही, तर मग तुला कशाला एवढं झोंबतंय?”

मर्लने टेबलावरच्या टाचण्या एका रांगेत लावल्या. बाहुला हाताशी असता तर काहीतरी बोलला असता.

“माझं वय काय झालं बघ, व्हर्ना,” तो शेवटी म्हणाला. “एकदा. फक्त एकदा मला त्या नंबरावर उभं राहायचंय. बघायचंय, लोक बसतात का.”

व्हर्नाचा राग थोडा उतरला, पण उतरला असं तिने दाखवलं नाही. “बस मग हौस भागवत,” म्हणाली आणि शिवणयंत्र असं जोरात चालवलं, की पुढे बोलायची सोयच राहिली नाही.

शताब्दीच्या दिवशी ऑपेरा हाऊस खचाखच भरलं. जुन्याच खुर्च्या, त्याच लाकडी, बिजागरीला तेल नाही. मर्ल पडद्याआड उभा राहून त्यांच्याकडे चोरून बघत होता आणि हात पुसत होता. शाळेचा बँड झाला, महापौरांचं भाषण झालं, महिला मंडळाने देशभक्ती केली. मग मर्ल.

काय केलं त्याने, सांगू? सगळं केलं. बशा फिरवल्या, टाचा वाजवल्या, सायकलवरून बाजा वाजवला. कोंबडा आरवला तसे मागच्या रांगेतले शेतकरी टाळ्या पिटायला लागले. फीबी मावशीच्या आवाजात त्याने महापौरांना मागणी घातली, आणि महापौरांच्या बायकोने हसता हसता दाताची कवळी हातात घेतली. बाहुल्याने मिसेस ओबरहोल्टांना विचारलं, “बाई, या दाढीवाल्यांत तुमचा नवरा कोणता?” बाई चक्क हसल्या. आणि या सगळ्यात एकही खुर्ची वाजली नाही. मर्लचा एक कान जन्मभर त्याच आवाजाकडे असायचा. वाजली नाही! लोकांनी त्याला पुन्हा पुन्हा बाहेर बोलावलं. तो वाकून नमस्कार करत होता आणि त्याला वाटत होतं, आई, बघतेस ना गं?

तो आत आला, तोंड पुसायला टॉवेल घेतला, तोच आवाज आला.

खट्.

मग खट्, खट्, खटाखट. लोक उठत होते. त्यांचं तरी काय चुकलं? मर्ल झाला म्हणजे सगळं झालं असंच त्यांना वाटलं, आणि खिडकीतून हिरवळीवरच्या तळलेल्या कोंबडीचा वास येत होता. एल्मर टोपी घालत होता. महापौर बायकोचा हात धरून वाटेत उभे राहिले होते.

आता खोटं कशाला बोलू, मर्लला आधी आनंद झाला. अगदी उकळ्या फुटल्या. त्याच्यानंतर कुणी टिकत नव्हतं! तो आता खराखुरा मोठा खेळवाला होता. मग पलीकडच्या बाजूने हिरवा फ्रॉक घातलेली लव्हिना आली, एका हातात खुर्ची, एका हातात करवत. तिने ती उठलेली डोकी पाहिली. ती जागच्या जागी थबकली. मग खुर्ची ठेवून बसली, करवत गुडघ्यात धरली, मान वर केली आणि दिव्यांकडे बघून हसली.

कुणी शिकवलं नव्हतं तिला.

ते आईचं हसू मर्ल ओळखत होता. तसं हसावं लागू नये म्हणूनच तर तो सगळं शिकला होता, आणि आज त्यानेच ते दुसऱ्या बाईच्या तोंडावर आणलं होतं. त्याच्या मनात आलं, धावत जावं, टेंभे पेटवावेत, लोकांना खिळवून ठेवावं. त्याला ते दोन मिनिटांत जमलं असतं. पण मग तो पुन्हा मर्लचाच खेळ झाला असता, आणि ती बाजूला करवत घेऊन बसली असती.

तो बाजूच्या पायऱ्यांनी खाली उतरला. तोंडावर अर्धा रंग, खांद्यावर टॉवेल. पहिल्या रांगेत महापौरांनी सोडलेली खुर्ची होती. ती त्याने खाली दाबली आणि तिच्यावर बसला. हात मांडीवर ठेवले, समोर बघायला लागला.

“मर्ल बसलाय,” कुणीतरी म्हणालं.

“का बसलाय? संपलं ना?”

“अरे, तो बसलाय म्हणजे काहीतरी असणार. बस, बस!”

महापौरांना दुसऱ्याच्या जागेवर बसावं लागलं. एल्मरने टोपी काढली. दारापर्यंत पोचलेले परत आले. कुणीतरी हळूच त्याच्या शेजारी येऊन बसलं. ती व्हर्ना होती. तिने टॉवेलाच्या टोकाने त्याच्या कानामागचा रंग पुसला.

लव्हिनाने गज ओढला. आधी थोडं कुरकुरलं, मागे एक पोरगं फिसकन हसलं. मग करवत वाकली आणि तिच्यातून असा सूर निघाला, की तो बाईचा आहे का वाऱ्याचा कळेना. चर्चमध्ये सगळ्यांनी हजारदा म्हटलेलं भजन होतं ते. पण ठेका चुकू नये म्हणून सगळे घाईत म्हणतात, ते हे नव्हतं. हे कोळशाच्या तळघरात एकटं बसून म्हटलेलं होतं. सगळ्या गावाची गाऱ्हाणी इतकी वर्षं कानात साठवली होती बाईने, आणि स्वतःचं गाऱ्हाणं कुणाला सांगितलं नव्हतं. ते आज सांगत होती. मिसेस ओबरहोल्ट पाकिटात रुमाल शोधायला लागल्या.

मर्ल तोंड उघडं टाकून ऐकत होता. एवढी वर्षं रंगमंचावर काढली, पण शेवटचा खेळ खुर्चीत बसून शेवटपर्यंत त्याने आयुष्यात पाहिला नव्हता. कुठे टाळी वाजवायची तेही त्याला कळेना. गालावरचा रंग ओघळून कॉलरमध्ये जात होता, ते त्याच्या गावीही नव्हतं.

सूर थांबला. लव्हिनाने गज खाली घेतला.

आणि मग मागे खट्. खट्, खट्, खटाखट खटाखट, सगळं ऑपेरा हाऊस हादरलं.

मर्लने डोळे मिटून घेतले. गेले, त्याला वाटलं. झालं, शेवटी गेलेच. त्याने व्हर्नाचा हात इतका घट्ट धरला की ती ओरडली, “अरे, बोटं मोडशील माझी!”

“गेले का गं सगळे?”

“मेल्या, मागे वळून बघ ना!”

मर्लने वळून पाहिलं. एकही माणूस दाराकडे बघत नव्हता. सगळं एल्डर्सबर्ग, दाढ्या आणि टोप्यांसकट, उभं राहून हिरव्या फ्रॉकवालीकडे बघत होतं आणि टाळ्या वाजवत होतं. व्हर्नाही उभी होती. लव्हिना दिव्यांकडे बघायचं सोडून लोकांकडे बघत होती, आणि तिला काय करावं ते सुचत नव्हतं, म्हणून ती करवतीलाच वाकून नमस्कार करत होती.

अख्ख्या ऑपेरा हाऊसमध्ये एकच खुर्ची अजून मिटायची राहिली होती. मर्ल उठला, आणि त्याच्या मागे ती ‘खट्’ करून मिटली.